दार अरुंदच असू द्या, पण वेळेत उघडा किंवा लावा

तालुक्याच्या कोर्टात दावा हरला आणि जिल्हा न्यायालयात अपीलही हरलं, की पक्षकार वकिलाला एकच विचारतो, "साहेब, हायकोर्टात जाता येईल ना?" येईल, असं उत्तर मिळतं आणि ते खोटं नसतं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १०० प्रमाणे दुसरं अपील करता येतं. पण हे उत्तर अर्धं आहे. तिथे साक्षीदार पुन्हा उभे राहत नाहीत, बांध कुणी कोरला यावर पुन्हा खल होत नाही, खरेदीखतावरचा अंगठा कुणाचा हे पुन्हा तपासलं जात नाही. अपिलात 'कायद्याचा सारभूत प्रश्न' असेल तरच ते ऐकलं जातं, आणि तो प्रश्न उच्च न्यायालयाने आधी शब्दांत मांडावा लागतो. पक्षकाराला हे बहुधा कळतं ते पुष्कळ वर्षांनी, अपील निकाली निघाल्यावर.

या अटीबद्दल वकिलांच्या खोलीत दोन मतं ठरलेली. एक म्हणजे अट जाचक आहे, खालच्या कोर्टाने पुरावा चुकीचा वाचला तर गरिबाने जायचं कुठे? दुसरं म्हणजे दुसरं अपीलच काढून टाका, दोनदा ऐकलं तेवढं पुरे. मी दिवाणी कामं करतो आणि मला दोन्ही मतं पटत नाहीत. अट योग्य आहे. बिघडलंय ते वेगळंच. दार अरुंद करताना कायद्याने त्याला जोडून वेळही सांगितली होती, आणि ती सगळ्यांनी मिळून विसरून टाकली.

आधी हे अपील कुणाचं, ते पाहू. मुंबईच्या सिटी सिव्हिल कोर्टाचा निकाल पटला नाही तर पहिलंच अपील थेट उच्च न्यायालयात जातं. वरिष्ठ स्तर न्यायालयातल्या ठरावीक रकमेपुढच्या दाव्यांचंही तसंच. म्हणजे ज्याच्या दाव्याचं मूल्यांकन मोठं, त्याला उच्च न्यायालयात वस्तुस्थिती आणि कायदा अशी दोन्ही अंगांनी सुनावणी मिळते. कनिष्ठ स्तर न्यायालयातून जिल्हा न्यायालयात आणि तिथून वर, हा रस्ता वाटपाच्या, बांधाच्या, वहिवाटीच्या, मनाई हुकमाच्या दाव्यांचा. आणि बहुतेक शेतजमिनीच्या दाव्यांचं मूल्यांकन आकाराच्या, म्हणजे शेतसाऱ्याच्या, पटीत होतं, बाजारभावाने नव्हे. हायवेलगतची एकरी कोटीची जमीनसुद्धा कागदावर काही हजारांची ठरते आणि दावा तालुक्यातच राहतो. दुसरं अपील ही तालुक्याच्या माणसाची गोष्ट आहे. त्याच्या सुधारणेबद्दल वर्तमानपत्रात फारसं काही येत नाही, याचं एक कारण हेच असावं.

ही अट नेहमीच इतकी कडक नव्हती. १८५९ च्या पहिल्या संहितेत याला 'स्पेशल अपील' म्हणत. पुढे १९०८ च्या संहितेत कलम १०० आलं आणि त्यात तीन आधार होते: निकाल कायद्याविरुद्ध किंवा कायद्याचं बळ असलेल्या रूढीविरुद्ध असणं, कायद्याचा एखादा महत्त्वाचा मुद्दा ठरवायचाच राहणं, आणि कार्यपद्धतीत मोठी चूक होणं. वाचायला हे आधार नेमके वाटतात. व्यवहारात 'कायद्याविरुद्ध' या शब्दात काहीही बसवता येई. वस्तुस्थितीतली चूक ही काही दुसऱ्या अपिलाची बाब नव्हे, ती कितीही ढळढळीत आणि अक्षम्य वाटली तरी, असं प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजी अमदानीतल्या सर्वोच्च अपिली न्यायालयाने, १८९० मध्येच बजावलं होतं. तरी पुढची ऐंशी वर्षं उच्च न्यायालयं पुरावा चाळत राहिली. कुठे दया येऊन, कुठे खालचा निकाल खरंच भिकार असल्यामुळे. विधी आयोगाने १९७३ च्या आपल्या ५४ व्या अहवालात या सैलपणावर बोट ठेवलं, १९७६ ची दुरुस्ती झाली आणि १ फेब्रुवारी १९७७ पासून आजचं कलम लागू झालं.

आजच्या कलमाची रचना चांगली आहे, हे आधी कबूल केलं पाहिजे. अपील करणाऱ्याने आपल्या मेमोत, म्हणजे अपिलाच्या अर्जात, सारभूत प्रश्न नेमकेपणाने लिहायचा. न्यायालयाला प्रश्न आहे असं पटलं तर त्याने तो स्वतः मांडायचा. सुनावणी त्याच प्रश्नावर होणार, आणि असा प्रश्न या प्रकरणात निघतच नाही असं म्हणायची मोकळीक उत्तरवादीला, म्हणजे समोरच्या पक्षाला, आहे. ऐनवेळी दुसरा प्रश्न पुढे आला तर तोही घेता येतो, मात्र कारणं नोंदवून. शिवाय कलम १०३ आहेच. लागणारा पुरावा अभिलेखावर असेल आणि खालच्या कोर्टाने एखादा वस्तुस्थितीचा मुद्दा ठरवायचाच ठेवला असेल, किंवा कायद्याची चूक करून चुकीचा ठरवला असेल, तर उच्च न्यायालय तो स्वतः ठरवू शकतं. दार अरुंद आहे, बंद नाही.

सारभूत म्हणजे काय, याचं मोजमाप सर्वोच्च न्यायालयाच्या १९६२ च्या चुनीलाल मेहता निकालात मिळतं. तो मुंबईतल्या एका गिरणी कंपनीशी झालेल्या कराराचा वाद होता. प्रश्न सार्वजनिक महत्त्वाचा आहे का, किंवा पक्षकारांच्या हक्कांवर थेट आणि भरीव परिणाम करणारा आहे का; आणि तसा असेल तर तो अजून खुला आहे का, त्यावर दोन मतं संभवतात का. पुढे २००१ च्या संतोष हजारी निकालाने हे आणखी स्वच्छ केलं: प्रश्न वादाचा असावा, आधी निकाली निघालेला नसावा, आणि त्याच्या उत्तरावर दाव्याचा निकाल फिरला पाहिजे. नंतरच्या निकालांनी यात एक मोलाची भर घातली. कायदा पक्का ठरलेला असूनही खालच्या कोर्टाने त्याच्या उलट निकाल दिला, तर तोही सारभूत प्रश्नच. आणि कसलाही पुरावा नसताना, किंवा महत्त्वाचा पुरावा डोळ्याआड करून काढलेला निष्कर्ष, ज्याला वकील 'पर्व्हर्स' म्हणतात, तोही वस्तुस्थितीच्या कोषात सुरक्षित राहत नाही.

हे कोरडं वाटत असेल तर आपल्याकडचा नेहमीचा मासला घ्या, मुदतखरेदीचा. समजा, १९७२ च्या दुष्काळात कुणी चार एकर जमीन लिहून दिली. खतावर नाव 'खरेदीखत', आत एक ओळ: पाच वर्षांत रक्कम परत दिली तर जमीन परत लिहून देऊ. पैसे त्या मुदतीत परत गेले नाहीत. १९९८ मध्ये मुलगा दावा लावतो की ही विक्री नव्हतीच, गहाण होतं, आणि गहाण सोडवायला मुदत कायद्यात तीस वर्षं आहेत. समोरचा म्हणतो, विक्री होती, परत घ्यायची सवलत होती, ती मुदतीत वापरली नाही, विषय संपला. तालुक्याचं कोर्ट म्हणतं गहाण. जिल्हा न्यायालय म्हणतं विक्री.

इथे साक्षीदारांवर काही अडत नाही. खत दोघांनाही मान्य आहे, रक्कम मान्य आहे, ताबा कुणाकडे होता तेही मान्य आहे. वाद खताच्या अर्थाचा आहे. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५८ ला १९२९ मध्ये एक परंतुक जोडलं गेलं: परत देण्याची अट विक्रीच्याच दस्तात नसेल तर तो व्यवहार गहाण मानायचा नाही. पण अट त्याच दस्तात असली म्हणजे तो आपोआप गहाण ठरतो, असंही नाही. मग दस्त पूर्ण वाचावा लागतो. किंमत बाजारभावाच्या मानाने किती होती, ताबा दिला की ठेवला, शेतसारा कुणी भरायचा ठरलं, घेणारा आणि देणारा यांच्यात ऋणको-धनको असं नातं शिल्लक राहिलं का. हक्क ज्या दस्तावर उभा आहे त्याचा अर्थ लावणं हा कायद्याचा प्रश्न आहे. तेव्हा या अपिलात प्रश्न एका ओळीत मांडता येतो: 'अमुक तारखेच्या दस्तातील अटी पाहता तो शर्तीच्या विक्रीने केलेलं गहाण आहे, की परत खरेदीच्या सवलतीसह केलेली विक्री?' उत्तर इकडे की तिकडे, यावर चार एकर जमीन फिरते. अशा अपिलासाठीच हे कलम आहे.

आता प्रत्यक्षात मेमोत काय लिहिलेलं असतं, ते पाहा. 'खालच्या न्यायालयांनी वादीचा पुरावा विचारात न घेता दावा फेटाळला, हे कायद्याने योग्य आहे काय?' 'साक्षीदार क्रमांक दोनची साक्ष अविश्वसनीय मानणं योग्य आहे काय?' 'सात-बाराच्या नोंदींना पुरेसं महत्त्व दिलं नाही, हे बरोबर आहे काय?' अशा अठरा-वीस ओळी, प्रत्येकीच्या शेवटी 'काय?' आणि म्हणून ते वीस सारभूत प्रश्न. वस्तुस्थितीला कायद्याचा कोट घातला की काम झालं, असा समज आहे. न्यायमूर्तींनी पहिल्या पाच ओळी वाचल्यावर सहाव्या ओळीत खरोखर प्रश्न असला तरी तो दिसत नाही, हे आम्हा वकिलांना कळू नये याचं आश्चर्य वाटतं. तोच सात-बाराचा मुद्दा वेगळ्या तऱ्हेने मांडता येतो: फेरफार हा महसुलासाठी असतो, त्याने मालकी ठरत नाही, हे पक्कं ठरलेलं असताना जिल्हा न्यायालयाने निव्वळ फेरफारावर मालकी दिली काय? हा खरा प्रश्न. एकच असला तरी पुरतो.

अट जाचक आहे म्हणणाऱ्यांचं म्हणणं मात्र थट्टेवारी न्यायचं नाही. त्यांचा सगळ्यात भक्कम मुद्दा एक-एक बरोबरीचा आहे. तालुक्याच्या न्यायाधीशाने साक्षीदार समोर पाहिले, उलटतपास ऐकला, कदाचित जागेवर कोर्ट कमिशनर पाठवला आणि दावा मंजूर केला. जिल्हा न्यायालयाने नुसत्या कागदावरून तो उलटवला. आता वस्तुस्थितीचं शेवटचं न्यायालय जिल्हा न्यायालय, आणि वर गेलं तर 'हा वस्तुस्थितीचा विषय आहे' असं उत्तर. दोन न्यायाधीश, दोन मतं, आणि ज्याने साक्षीदार पाहिलेच नाहीत त्याचं मत अंतिम. हे खटकतं, मलाही खटकतं.

पण याचं उत्तर तिसऱ्या न्यायाधीशाकडून साक्षी पुन्हा वाचून घेणं हे नव्हे. तोही कागदच वाचणार. उत्तर जिल्हा न्यायालयातच आहे आणि तेही संहितेत लिहिलेलं आहे. आदेश ४१ चा नियम ३१ सांगतो की पहिल्या अपिलाच्या निकालात निर्णयासाठीचे मुद्दे, त्यावरचा निर्णय आणि त्याची कारणं असली पाहिजेत. दुसऱ्या अपिलाचं दार किती अरुंद आहे हे सांगायला जो संतोष हजारी निकाल सगळे दाखवतात, त्याच निकालात असंही म्हटलं आहे की पहिल्या अपिलात निकाल उलटवायचा असेल तर जिल्हा न्यायालयाने मूळ न्यायालयाच्या कारणांना थेट भिडलं पाहिजे आणि मग आपली कारणं द्यायला हवीत. हा अर्धा भाग फारसा कुणी वाचून दाखवत नाही. जिल्हा न्यायालयाचे कित्येक निकाल पुरावा सविस्तर उतरवतात, दोन्ही वकिलांचे युक्तिवाद उतरवतात आणि शेवटच्या दीड पानात 'सबब अपील मंजूर' म्हणून मोकळे होतात. मधली कारणं गायब. असा निकाल वर गेला की तिथे सारभूत प्रश्न आपसूक तयार असतो. उच्च न्यायालयांनी या एका चुकीवर अपिलं पटापट दाखल करून परत पाठवली असती, तर जिल्हा न्यायालयांतल्या पहिल्या अपिलाची पत वर्षभरात सुधारली असती.

पंजाब आणि हरियाणाचं उदाहरण लोक हमखास देतात. तिथे १९१८ च्या पंजाब कोर्ट्स ॲक्टचं कलम ४१ चालतं. त्यात जुने तीन आधार तसेच आहेत आणि सारभूत प्रश्नाची अट नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २०१६ मध्ये पंकजाक्षी प्रकरणात ते कलम जिवंत असल्याचं सांगितलं आणि आधीचा उलटा निकाल मोडीत काढला. म्हणजे तोच बांधाचा दावा अंबाल्यात असेल तर एक कसोटी आणि अकोल्यात असेल तर दुसरी. ही विसंगती संसदेने कधीतरी मिटवायला हवी. पण तिथेही वस्तुस्थितीचा विषय सरसकट खुला नाही, हे उदाहरण देणारे सांगत नाहीत. आणि १९७७ पूर्वी सगळ्या देशात तीच सैल भाषा होती. तिचं काय झालं ते वर सांगितलंच आहे.

आता माझ्या मुख्य तक्रारीकडे येतो. १९७६ च्या ज्या दुरुस्तीने दार अरुंद केलं, तिनेच आदेश ४१ मध्ये नियम ११-अ घातला. अपील दाखल करून घ्यायचं की नाही याची सुनावणी, मेमो सादर झाल्यापासून साठ दिवसांत संपवायचा प्रयत्न करावा, असं तो म्हणतो. आदेश ४२ प्रमाणे आदेश ४१ चे नियम दुसऱ्या अपिलालाही लागतात. दोन्ही तरतुदी एकत्र वाचल्या की कायदा करणाऱ्यांच्या मनातलं चित्र स्पष्ट दिसतं. अपील आलं, दोन महिन्यांत न्यायमूर्तींनी दोन्ही निकाल वाचले, प्रश्न असेल तर मांडला आणि नोटीस काढली. नसेल तर अपील तिथेच संपलं. हरलेल्याला लवकर कळलं, जिंकलेल्याला दरखास्त, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज, चालवता आली.

प्रत्यक्षात अपील आधी स्टॅम्प नंबरवर, म्हणजे तात्पुरत्या क्रमांकावर, राहतं. मुदत नव्वद दिवसांची. नकला मिळायला गेलेला वेळ त्यातून वजा होतो, तरी उशीर होतोच. जिल्ह्याच्या वकिलाने निकाल कळवला नाही, भावकीत पैसे जमले नाहीत, कुणी आजारी पडलं. मग विलंब माफीचा अर्ज, त्याची नोटीस, नोटिशीची बजावणी. वाटपाच्या दाव्यात उत्तरवादी तीस, त्यातले सहा पुण्यात, दोन सुरतला, एक कुठे आहे ते कुणालाच माहीत नाही. विलंब माफ होऊन अपिलाला नंबर पडतो तोवर दोघंजण वारलेले असतात. त्यांचे वारस नव्वद दिवसांत अभिलेखावर आणले नाहीत तर त्यांच्यापुरतं अपील उपशमित होतं, म्हणजे आपोआप संपतं, आणि ते उपशमन रद्द करून घ्यायला आणखी साठ दिवस. पुन्हा अर्ज, पुन्हा विलंब माफी. सारभूत प्रश्नाकडे अजून कुणी पाहिलेलंही नाही. यानंतर अपील 'ॲडमिशनसाठी', म्हणजे दाखल करून घ्यायचं की नाही हे ठरवायला, बोर्डावर लागतं, पुढे जातं, लागतं, पुढे जातं. खालच्या कोर्टाची कागदपत्रं मागवली जातात. ती येतात तेव्हा न्यायमूर्तींची असाइनमेंट, म्हणजे नेमून दिलेलं काम, बदललेली असते.

आणि या सगळ्या काळात बहुधा 'जैसे थे' चालू असतं. घाव बसतो तो इथे. आदेश ४१ नियम ५ सांगतो की नुसतं अपील केल्याने हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही. मागायची तर मोठं नुकसान दाखवा, उशीर केलेला नसावा, तारण द्या. २०१६ मध्ये राघवेंद्रस्वामी मठ विरुद्ध उत्तरादी मठ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्याहून पुढचं सांगितलं: सारभूत प्रश्न आहे असं न्यायालयाचं समाधान होऊन अपील दाखल झालेलं नसताना दुसऱ्या अपिलात अंतरिम आदेश देता येत नाही, क्वचित एखाद्या प्रसंगी तात्पुरता द्यावा लागला तर तो अपवाद. हा नियम खरंच पाळला गेला असता तर ॲडमिशनला पडून राहणाऱ्या अपिलांचा निम्मा जीव गेला असता, कारण त्यांतल्या पुष्कळांना निकाल नकोच असतो, स्थगिती हवी असते. दोन्ही कोर्टांत हरलेला माणूस शेत कसत राहतो आणि दोन्ही कोर्टांत जिंकलेला माणूस दरखास्तीची तारीख घेत राहतो. सहा महिन्यांनी स्थगिती आपोआप उठेल असा तोडगा २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच काढला होता. २०२४ मध्ये पाच न्यायमूर्तींनी तो मागे घेतला. घड्याळाने स्थगिती उठवणं रानटीच होतं, मागे घेतलं ते बरं झालं. पण त्या जागी दुसरं काही आलं नाही.

दुसरी गोष्ट कारणांची. प्रश्न नसेल तर तो न मांडताच अपील फेटाळता येतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केलं. तर्काला धरून आहे. नसलेला प्रश्न मांडणार कसा? शिवाय आदेश ४१ नियम ११ मध्ये ॲडमिशनलाच अपील फेटाळताना थोडक्यात कारणं लिहायचं बंधन खालच्या अपिली न्यायालयांवर आहे, उच्च न्यायालयावर नाही. ही सूट मला पटत नाही. बारा वर्षं दावा लढलेल्या माणसाला 'सारभूत प्रश्न आढळत नाही, सबब अपील फेटाळले' एवढ्या ओळीवर परत पाठवणं, हे त्याच्या वकिलाला 'साहेबांनी ऐकूनच घेतलं नाही' म्हणायची सोय करून देणं आहे. एक परिच्छेद पुरे: तुम्ही हे तीन प्रश्न सुचवलेत, पहिले दोन पुराव्याचे आहेत, तिसऱ्याचं उत्तर अमुक निकालात आलेलं आहे. हा परिच्छेद लिहायला लागणारा वेळ फेरविचार अर्जात आणि दिल्लीच्या फेऱ्यांत वाचतो.

उलट टोकाला, प्रश्न न मांडताच अपील ऐकून मंजूर केल्याचे प्रकारही आहेत. असे निकाल सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी रद्द करून फेरसुनावणीला परत पाठवले आहेत. वकिलाला हा तांत्रिक दोष वाटतो. ज्याच्या हातातली जमीन त्या निकालाने गेली असते, त्याला तसं वाटत नाही. कुठल्या मुद्द्यावर आपण हरू शकतो हे सुनावणीआधी कळणं, हा उत्तरवादीचा हक्क आहे. त्याने दोन कोर्टांत जिंकलेलं आहे आणि त्याला वीस ओळींच्या मेमोतल्या नेमक्या कुठल्या ओळीला उत्तर द्यायचं, हे कुणीतरी सांगायला हवं.

यात भाषेची एक अडचण आपल्याकडे जास्त जाणवते. महाराष्ट्रातल्या तालुका आणि जिल्हा न्यायालयांची भाषा १९९८ च्या अधिसूचनेने मराठी झाली. कैफियत मराठीत, साक्ष मराठीत, दस्त तर मराठीतच, जुना असला तर मोडीत. उच्च न्यायालयाचं काम इंग्रजीत, तसं राज्यघटनेचं कलम ३४८ सांगतं. म्हणून भाषांतरं आली, त्यांचा खर्च आला, आणि 'मुदतखरेदी'सारख्या शब्दाचं भाषांतरकाराने आधीच 'विक्री' असं करून ठेवलं तर दाव्याचा निकाल झेरॉक्सच्या दुकानातच लागल्यासारखा. ते असो. उच्च न्यायालयाने प्रश्न मांडला की त्याची मराठी प्रत दोन्ही पक्षकारांना द्यावी, एवढी मागणी तरी अवाजवी नाही. तीन-चार ओळींचा मजकूर. ज्यावर आपलं घरदार अवलंबून आहे तो प्रश्न माणसाला आपल्या भाषेत वाचता यावा.

कोल्हापूरला १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची कामं तिथे चालतात. सावंतवाडीच्या माणसाची मुंबईची रात्रीची गाडी टळली, ही फार मोठी गोष्ट आहे, आणि ती मिळवायला तिथल्या वकिलांना अनेक वर्षं भांडावं लागलं. पण अंतर कमी झालं म्हणजे प्रतीक्षा कमी झाली असं नव्हे. जवळच्या कोर्टातही अपील ॲडमिशनला पडून राहू शकतं. उलट नवीन जागी जुन्या सवयी अजून मुरलेल्या नसतात, तेव्हा साठ दिवसांचा नियम गांभीर्याने घेऊन पाहायचा तर तिथून सुरुवात करणं सोपं.

न्यायमूर्ती कमी आहेत, साठ दिवस जमणार कसे, असं कुणी विचारेल. मुंबई उच्च न्यायालयात मंजूर पदं ९४ आणि ती पूर्ण भरलेली असणं हा अपवाद. आक्षेप खरा आहे. पण ॲडमिशनच्या सुनावणीला लागतं काय? मेमो आणि खालचे दोन निकाल. मुदतखरेदीसारखं प्रकरण असेल तर तो दस्त. खालची सगळी कागदपत्रं लागत नाहीत. ती मागवायची तर प्रश्न मांडून झाल्यावर मागवावीत. तीस उत्तरवाद्यांवर नोटीस बजावून मग ॲडमिशन ऐकायचं कारण नाही. प्रश्नच नसेल तर त्या तीस घरांत समन्स जाण्याचीही गरज नाही, आदेश ४१ नियम ११ ची तर तीच कल्पना आहे. मेमोत पाचपेक्षा जास्त प्रश्न असतील तर रजिस्ट्रीने, म्हणजे न्यायालयाच्या कार्यालयाने, तो परत करावा. बारला हे आवडणार नाही, पण आमचंच काम त्याने सुधारेल. ज्या दिवशी स्थगिती मागितली त्याच दिवशी ॲडमिशनचा युक्तिवाद करायची तयारी वकिलाने ठेवावी, नसेल तर स्थगितीही मागू नये. आणि जुन्या ढिगातून पहिली उचलायची ती अपिलं, ज्यांत खालच्या दोन्ही कोर्टांचा निकाल एकच आहे, 'जैसे थे' चालू आहे, आणि प्रश्न अजून मांडलेला नाही. ती यादी काढायला रजिस्ट्रीला कुठल्याही कायद्यात बदल लागत नाही.